पात्याच्या जाडीएवढं

ईरीच्या त्या चर्चच्या तळघरात
अवजारं उसनी मिळतात, पुस्तकांसारखी.
कार्ड दाखवायचं, वहीत नाव लिहायचं,
आठवड्याने परत.
काउंटरवरच्या मुलीने दोन करवती ठेवल्या समोर:
एक जुनी, पंधरा पौंडांची,
उचलली की खांदा विचारतो, कशाला?
दुसरी नऊ पौंड, वर काही औंस.
मी दुसरी एका हाताने उचलली,
भाजीची पिशवी तोलावी तशी तोलली
आणि म्हटलं, मराठीतच, कोण ऐकतंय:
आखूडशिंगी, बहुदुधी.

बॅटरीवाल्याही होत्या भिंतीवर, पोपटी, ऐटदार.
"वायरवाली घ्या," मुलगी म्हणाली, "ती दमत नाही."
मी रात्रपाळीची फार्मासिस्ट.
न दमणाऱ्यांचा मला जरा संशयच येतो.

मागच्या दाराच्या पायऱ्या मार्चपासून कुजल्या होत्या.
मुलगा फोनवर म्हणत राहिला, आई, माणूस बोलाव.
बोलावला: शेजारचा डॉर्सी कोवाल्चिक,
इंजिनांच्या कारखान्यात एकतीस वर्षं,
डाव्या हाताला साडेचार बोटं.
अर्ध्या बोटाबद्दल तो काही बोलला नाही.
फक्त करवत उलटी करून
पात्याचं खालचं झाकण अंगठ्याने मागे सारलं, सोडलं.
खट्.
पुन्हा सारलं, सोडलं.
खट्.
पाच वेळा. मग म्हणाला, ठीक आहे.

मॅग्नेशियमचा तळ, एप्रिलच्या हवेत गारढोण.
खोलीची कळ: पातं फळीखाली
एका दातापुरतंच डोकावलं पाहिजे, जास्त नको.
कलवायची दांडी, पन्नासच्या वर अंशांपर्यंत;
मला कललेलं काही नको होतं.
षटकोनी पाना मुठीच्या मागे,
कमरेला किल्ली खोचावी तसा.
आणि एक फुंकर: मोटरचाच वारा
रेघेवरचा भुसा उडवत पुढे जातो,
म्हणजे पेन्सिल दिसत राहते.
कुठल्या तरी कारखान्यात कुणी तरी बसून
माझ्या चष्म्याचा विचार केला होता.

गुण्या लावला, दोनदा मोजलं, रेघ मारली.
"रेघेच्या कुठल्या बाजूने?" डॉर्सी.
मला वाटलं, रेघेवरूनच.
"मग पातं आपला वाटा खाईल.
त्याच्या जाडीएवढं लाकूड भुसा होऊन जातं.
जो तुकडा टाकणार, त्याच्या बाजूने जा."

मी थांबले.
इथे थोडी, तिथे थोडी, अशी वाटलेली सगळी वर्षं
मी बरोबर रेघेवरून कापली होती.
दोन्हीकडचे तुकडे कणभर आखूड निघत गेले
आणि मी दर वेळी मोजपट्टीला दोष दिला.

"झोप लागली का?" डॉर्सी.

खटका दाबला.
चोवीस दात, सीडरचा वास, जरा मिरीसारखा.
हात थरथरला नाही,
थरथरले ते गुडघे.
बोट काढलं की ब्रेक लागतो:
एक म्हणा, दोन म्हणायच्या आत पातं उभं.
मला पाळीवरून आल्यावर दोन तास लागतात.

तिसऱ्या फळीला वायर आडवी आली.
चूक माझीच; खांद्यावरून टाक, असं दोनदा सांगितलं होतं त्याने.
डॉर्सीने आधी प्लग उपटला,
मग श्वास सोडला,
मग त्याच्या भाषेतली नसावी अशी एक शिवी.

पायऱ्या बसल्या. मधली करकरते.
डॉर्सी कॉफी घेऊन नेमका तिच्यावरच बसतो.

सोमवारी करवत परत. पातं पुसून, पाना जागच्या जागी.
वहीत शेवटचा रकाना: काय बनवलं?
माझ्या वर कुणी लिहिलं होतं, कोंबड्यांचं खुराडं.
त्याच्या वर, पाळणा.
त्याच्या वर नुसतीच एक आडवी रेघ.
मी लिहिलं: पायऱ्या, तीन.
आणि खाली, बारीक अक्षरात:
वायरीला पातं चाटून गेलंय,
मुठीपासून वीतभर अंतरावर.
टेप लावली आहे, पण बदलून घ्या.